उलट्या आट्याचा क्लच

ज्या साली सुतारांच्या धाकट्या लेकीला, मालनला, जुळं झालं आणि एकाच पाळण्यात दोन नावं ठेवली, त्या सालचा मार्गशीर्ष. आजऱ्याच्या डोंगरावर धुकं दुधासारखं साकळलेलं. उन्हं उशिरा उठत होती, हलक्या पावलांनी भाताच्या पिंजराच्या गंजीवर चढत होती, तिथून अंगणात उतरत होती. अंगणात पोत्यावर लाकूड कापायचं मशीन पडलं होतं. मुकं, तेलकट, ओशाळलेलं.

त्या मशीनसमोर दौलू सुतार बसला होता.

परवा याच मशीननं त्याच्या लेकाची, कृष्णातची, मांडी फाडली होती. किंजळाचा ओंडका ओलांडताना पाय घसरला. बोट मशीनच्या घोड्यावर, खटक्यावर नव्हतं, मशीन नुसतं धुगधुगत होतं. अशा वेळी कापणारी साखळी थांबलेली असायला हवी. ती थांबली नव्हती. कृष्णात आता तालुक्याच्या दवाखान्यात होता, उशाशी सून सुरेखा होती, आणि फोनवर तिचं एकच वाक्य येत होतं, "अजून डोळं उघडलं न्हाईत, आबा."

साखळी का थांबली नाही, याचं उत्तर क्लचच्या पोटात होतं. आणि त्या पोटात शेवटचा हात दौलूचा गेला होता.

खंडेनवमीला. पितळी ताटात झेंडूचा भगवा डोंगर, करवत, पटाशी, रंधा, वाकस एका रांगेत, आणि मशीन मात्र उघडं, हाडं सुटल्यासारखं. क्लचचे तीन बूट तीन पाकळ्यांसारखे. त्यांना मिटून धरणाऱ्या तीन इवल्या स्प्रिंगा; बूट मिटले की साखळी थांबते, उघडले की धावते. एकीचा आकडा झिजून सरळ झाला होता. सणाचं दुकान बंद.

"आबा, ऱ्हाऊ दे उघडंच. नवी आली की घालू," कृष्णात म्हणाला होता.

"पूजेला हत्यार अपुरं ठेवत्यात व्हय रं? देवापुढं लंगडं उभं करतोस?"

दौलूनं पक्कडीनं आकडा वाकवला, स्प्रिंग अडकवली, क्लच आवळला, वर हळद वाहिली, कुंकू वाहिलं. पूजा झाली. दसरा झाला. हंगाम लागला. नवी स्प्रिंगही आली, एक नव्हे तीन आल्या, आणि कागदाच्या पुडीत, फळीवर, झेंडूच्या सुकल्या माळेखाली राहून गेल्या.

आता त्यानं झाकण काढलं. पट्टी काढली. साखळी काढली, तिच्या दातांत भुसा होता, तांबूस, भिजून वाळलेला, आणि किंजळ कुठे संपतो न् लेक कुठे सुरू होतो हे त्या भुशात कळत नव्हतं. प्लग काढून त्या भोकातून त्यानं सुतळी आत सोडली. इंजिनाचा दट्ट्या अडला, आता ते फिरणार नव्हतं. पाना बसवला. जोर लावला.

क्लच हलेना. पुन्हा जोर. पुन्हा हलेना. मनगटावरच्या शिरा वर आल्या, कपाळावर मार्गशीर्षात घाम आला.

दारातून त्याची बायको, अनसाबाई, बघत होती. दोन दिवस ती जेवली नव्हती.

"आवो, उलटं फिरवतायसा."

दौलूचा हात थबकला. खरंच. जगातलं सगळं डावीकडे फिरवलं की सुटतं. हा क्लच तेवढा उजवीकडे, प्रदक्षिणेच्या वाटेनं सुटतो. उलटे आटे. मशीन जितकं राबेल तितका तो आपोआप घट्ट होतो. हे त्यानंच लेकाला शिकवलं होतं, आणि लेक हसून म्हणाला होता, "म्हंजे तुमच्याच वळणाचा की, आबा. सारा गाव इकडं, तर ह्यो तिकडं!" अनसाबाई चुलीपुढून हसली होती. ते हसू आठवलं आणि दोघांनी एकमेकांकडे बघायचं टाळलं.

"नगा उघडू," ती म्हणाली. "उघडून काय घावणार हाय?"

"तीन स्प्रिंगा हायत, अनसा. दुसरी एखादीबी तुटली असंल."

एवढीच त्याची आशा. तिनांतली दुसरी. तिनांतली तिसरी. फक्त आपण वाकवलेली ती नको.

त्यानं पाना उजवीकडे वळवला. कट्ट. जुना हट्ट मोडावा तसा आवाज झाला आणि क्लच सुटला, ऊन पडलेल्या तळहातावर आला. एक बूट बाहेर लोंबत होता. दौलूनं चिंधीनं पुसलं. काळं गेलं, करडं गेलं, आणि तुटक्या आकड्याशेजारी पक्कडीच्या दातांचे बारीक वळ उन्हात लखलखले.

तेच वळ. त्याच्याच पक्कडीचे.

"कुणाची?" अनसाबाईनं विचारलं.

"माझी."

अनसाबाई उठली. ती रडेल असं त्याला वाटलं, शिव्या देईल असं वाटलं. तिनं फळीवरची पुडी काढली, त्याच्या हातात दिली, आणि त्याच्यासमोर बसून, दात घासायच्या जुन्या ब्रशनं, एकेका खाचेतला भुसा काढू लागली. पदरात भुसा साठत गेला. तो तिनं झटकला नाही.

दौलूनं तिन्ही स्प्रिंगा नव्या घातल्या. बारीक सुयांच्या बेअरिंगला ग्रीस भरलं. क्लच बसवला, सुतळी ओढून काढली, प्लग लावला, पट्टी चढवून साखळी ताणली. कुणासाठी, ते त्यानं स्वतःला विचारलं नाही. दोरी ओढली.

मशीन जागं झालं. धुगधुगलं. धुकं विरळलेल्या अंगणात, तेलाचा एक थेंब पट्टीच्या टोकाशी थरथरत राहिला. साखळी हलली नाही. तिचा एक दातही हलला नाही.

"थांबली," अनसाबाई म्हणाली.

त्या आवाजात फोन वाजलेला दोघांनाही ऐकू आला नाही. मशीन बंद केल्यावर ऐकू आला.

कृष्णात दौलू सुतार, वय एकतीस, मार्गशीर्ष वद्य पंचमीला, शुक्रवारी, सकाळी साडेदहाला वारला.