दुमडीचा सिद्धांत

हाजरानं चादरीची दोन टोकं मुस्तफाच्या हातात दिली आणि उरलेली दोन घेऊन ती मागं सरकली. चादर ताणली गेली, तशी मुस्तफाची गाडी सुरू झाली.

"बघ, या टोकाला एक मुंगी सोड. ती चालत राहते. तिला वाटतं, मागचं सगळं संपलं. पण चादर दुमडली की..."

"की मागचं टोक पुढच्याला येऊन चिकटतं," हाजरा म्हणाली. "आता जरा सरळ धरा. सामान भरायचंय."

काळ रेघेसारखा सरळ नसतो, तो दुमडलेला असतो. गेलेला क्षण कुठंही जात नाही, आपल्या थराखालीच असतो. हा मुस्तफाचा दुमडीचा सिद्धांत. श्रीवर्धनहून बी.एस्सी. होऊन आलेला हा माणूस सौदीत, दम्मामच्या बाजारात घड्याळं विकायचा आणि गिऱ्हाईक नसलं की बिलाच्या पाठीवर समीकरणं मांडायचा. पुण्याच्या एका मासिकानं त्याचा लेख साभार परत केला होता. ओळखीची कोकणी मंडळी त्याला 'चादरवाला' म्हणायची. हाजराही चिडवायची. पण हे खूळ त्यांचा मुलगा उसामा गेला त्या वर्षी सुरू झालं, हे तिला पक्कं ठाऊक होतं, म्हणून दर वेळी ती ऐकूनही घ्यायची.

उसामा चार वर्षांचा होता. तापाचं निमित्त झालं आणि त्याला इथल्याच कबरस्तानात ठेवावं लागलं. तिथं कबरीवर नाव नसतं, उशाशी एक दगड, बस. सगळे सारखेच. म्हणून पुढच्या सुट्टीत मुस्तफानं गावच्या घराच्या गडग्यातला, दगडी कुंपणातला जांभ्याचा तुकडा बॅगेत घालून आणला. विमानतळावरच्या अधिकाऱ्यानं तो उलटसुलट करून पाहिला आणि हसून परत दिला. त्या पांढुरक्या दगडांत तो लाल तुकडा लांबूनही ओळखू यायचा. दर शुक्रवारी मुस्तफा जायचा, जांभ्यावर हात फिरवायचा, फातिहा वाचायचा, रुमालाला हात पुसत परतायचा. बायकांना आत मनाई. हाजरानं आपल्या लेकराची कबर कधी पाहिलीच नव्हती.

आता घड्याळांच्या दुकानांत सौदी माणसंच ठेवायची, असा नियम आला होता. कफील, त्याला कामावर ठेवणारा सौदी मालक, भला माणूस, पण त्याचाही इलाज चालला नाही. इकामा, म्हणजे राहायचा परवाना, संपला आणि देश कायमचा सोडायची फायनल एक्झिट लागली.

"जायच्या आधी मला एकदा फाटकापर्यंत न्या," चादर बॅगेत ठेवत हाजरा म्हणाली. "मी गाडीतच बसेन. तुमी आत जाऊन त्याच्याजवळ उभं रावा नि हात वर करा. जागा तरी बघू दे मला."

हिवाळ्यातल्या पावसात कबरस्तानात पाणी भरलं होतं. नंतर मजुरांनी जमीन सारखी करून दगड नव्यानं बसवले. जांभा कुठं गेला कुणास ठाऊक. राखणदाराला विचारलं, तर त्यानं हात झटकले, "खलास!" तेव्हापासून मुस्तफा दर शुक्रवारी अंदाजानं कुठंतरी उभा राहत होता आणि घरी मात्र पूर्वीसारखंच सांगत होता. लेकराच्या आईला कोणत्या तोंडानं सांगायचं, की पोर पुन्हा हरवलं?

"उन्हात कशाला?" तो पुटपुटला.

"असरच्या नमाजानंतर जाऊ. ऊन उतरतं तवा."

फाटक उघडंच होतं. गाडी समोर लावून मुस्तफा आत गेला. थोडा चालला, थांबला, डावीकडं वळला, पुन्हा मागं आला. सगळीकडं तेच दगड, तीच वाळू. इतकी वर्षं काळाच्या दुमडी शोधणाऱ्याला चार हात जमीन सापडेना. शेवटी एका लहानशा उंचवट्यापाशी तो उभा राहिला आणि त्यानं हात वर केला. मनातल्या मनात त्यानं उसामाची माफी मागितली. तिथं जो कुणी निजला होता, त्याचीही मागितली.

गाडीत येऊन बसल्यावर त्यानं रुमालानं तोंड पुसलं.

"दिसलं?" त्यानं विचारलं.

"दिसलं."

हाजरानं त्याच्या हातातला रुमाल घेतला आणि गुडघ्यावर पसरला.

"दर शुक्रवारी याला लाल लागायचं," ती म्हणाली. "जांभ्याचं. कितीबी घासा, जायचं नाय. थंडीपासून रुमाल कोरा येतोय."

मुस्तफानं स्टिअरिंगवरचे हात खाली घेतले.

"हाजरा, मी..."

"नका सांगू." तिनं डोळे पुसले. मग ती म्हणाली, "ती चादर सांगा. मुंगीची."

कुणी न विचारता इतकी वर्षं सांगत आलेल्या माणसाला आज शब्द सापडेना. "या टोकाला..." एवढंच म्हणून तो रडू लागला.

हाजरानं रुमालाची दोन टोकं त्याच्या हातात दिली, दोन स्वतः धरली. एवढ्याशा रुमालाला खरं तर दोन माणसं लागत नाहीत. रुमाल दुमडला, टोकं जुळली, तशी तिची बोटं त्याच्या बोटांना लागली.

"मग तुमी उभे होतात तिथनं तो लांब नाय," ती म्हणाली.

मुस्तफानं मान वर केली.

"विचारत नाय मी," हाजरा म्हणाली. "सांगतेय."