बैलाच्या तोंडाचा करूब

"भागवतकाका, देवदूताले बैलाचं तोंड काऊन हाय?"

मनालीनं हे भर चर्चमध्ये, उपासना संपता संपता विचारलं. दाराशी उभ्या असलेल्या तिच्या मैत्रिणींनी, सबीहा आणि छकुलीनं, तिच्याशी पैजच लावली होती, "हिंमत असंल तं विचारून दाखव!"

भागवतकाका चर्चच्या मंडळीचा कारभार पाहतात. ते म्हणाले, "सुतार चुकला होता, दुसरं काय! नाताळच्या जेवनाले लाकडं कमीच पडून राह्यले. यंदा त्यालेच फोडू."

मित्रांनो, ते मागच्या खोलीतल्या माझ्याबद्दल बोलत होते. मी एक जुना सागवानी करूब, म्हणजे देवदूत आहे. हो, हसा! करूब म्हटलं की तुम्हाला गुबगुबीत गालांचं, पंखवालं बाळ आठवतं. पवित्र शास्त्रातल्या, म्हणजे बायबलमधल्या करूबाला तर चार तोंडं आहेत: माणसाचं, सिंहाचं, बैलाचं आणि गरुडाचं. एदेन बागेच्या वाटेवर देवानं पहाऱ्याला करूबच ठेवले. देवाचं आसनही करूबच वाहतात.

मला फकीर मोहम्मद मिस्त्रींनी घडवलं. मंडळीतल्या जनकाबाई त्यांना शास्त्रातलं यहेज्केल संदेष्ट्याचं पुस्तक वाचून दाखवायच्या आणि ते छिन्नी चालवायचे. "आमच्यातबी हायेत करूबी," ते म्हणायचे. "अल्लाहच्या सगळ्यात जवळचे फरिश्ते." सिंह त्यांनी कधी पाहिला नव्हता, म्हणून तो मांजरासारखा झाला. गरुडाची घार झाली. बैल मात्र त्यांनी समोरच्या गोठ्यात पाहून कोरला. असा कोरला, की येणारे-जाणारे शेतकरी त्याच्या मानेवर थाप मारायचे.

आम्ही दोघं होतो. वेदीवर समोरासमोर, पंखाला पंख भिडवून. आमच्या मध्ये काहीच नव्हतं. खरं सांगू? ती रिकामी जागाच महत्त्वाची. देव तिथं भेटतो, असं शास्त्र सांगतं. आम्ही ती जागा राखायची, बस्स.

पोळ्याच्या आदल्या दिवशी गावात बैलांचे खांदे तूप-हळदीनं शेकतात. जनकाबाई तशीच वाटी घेऊन आमच्याकडेही यायच्या. "देवाचं ओझं वाह्यता ना रे बाबाहो," असं म्हणत मानेला हळद चोळायच्या. तेवढं कौतुक मला पुन्हा मिळालं नाही.

त्या गेल्या. मग वेदीवर प्लास्टरची गोरी, पंखवाली बाळं आली. पाहुणे हसतात म्हणून आम्हाला मागच्या खोलीत टाकलं, घमेली आणि मोडक्या बाकांमध्ये. वाळवीनं माझा माणूस खाल्ला, मग सिंह, मग घार. आता ती मानेपर्यंत आली आहे.

गेल्या नाताळात लाकडं ओली निघाली. माझ्या जोडीदाराला त्यांनी दोन घावांत फोडलं. मी उघड्या दारातून पाहत होतो. भात छान झाला, असं सगळे म्हणाले.

मित्रांनो, एकट्या करूबाला राखायला जागाच उरत नाही. 'मध्ये' म्हणायलासुद्धा समोर कुणीतरी लागतं. माझा पंख आता भिंतीला भिडला आहे. चुलीची मला भीती वाटत नाही. कशाचंच काही वाटत नाही. एवढंच मागतो, एखादी वस्तू चुकलेली वाटली, तर कुऱ्हाड उचलण्याआधी विचारा, ती कोणी घडवली आणि काय वाचून घडवली.

भागवतकाकांना विचारलं, त्याच दुपारी मनाली शास्त्र घेऊन माझ्याकडे आली. तिनं चार तोंडांच्या करूबाचं पान मोठ्यानं वाचलं. माझ्या डोक्याभोवती बोट फिरवलं. एक तोंड, तीन भोकं.

"सुतार चुकलाच नव्हता," ती म्हणाली आणि रडायला लागली.

तेवढ्यात तिचे आई-पप्पा तिला शोधत आले. आईच्या हातात नाताळच्या नाटकाचा पांढरा फ्रॉक होता, पाठीला कापसाचे पंख लावलेला.

"चाल वं, घालून पाह्य. परी कशी दिसते ते पाहू."

मनालीनं डोळे पुसले. "आई, पप्पा, मी ठरवलं. मी परी होनार नाही. बैलाचं तोंड लावून करूब होनार. याले वेदीवर न्या. मी याच्यासमोर उभी राहीन."

"आन नाटक झाल्यावर?" पप्पांनी विचारलं.

"तवाबी. जेवनाची चूल इझेपर्यंत मी तिथून हलनार नाही."