गुडघ्याची खिट्टी

सरपंचपदासाठी पाड्यावरून कुणाचं नाव द्यायचं, ते रविवारच्या बैठकीत ठरणार होतं. रूपीआत्याला ते आपलं असावं असं मनापासून वाटत होतं. पण पोलिओने वाळलेल्या पायाची तिला लाज वाटायची, हे तिची भाची दक्षा ओळखून होती.

दक्षा नुकतीच बीएस्सी झालेली. तिने मोबाइलवर रूझवेल्टचा फोटो शोधून दाखवला. "एकोणचाळिसाव्या वर्षी याचे पाय गेले, आत्या. तरी चार निवडणुका जिंकला. बारा वर्षं अमेरिकेचा अध्यक्ष."

"चालायचा कसा?"

"तुझ्यासारख्याच लोखंडी पट्ट्या. भाषणाला मुलाचा हात धरून उभा राहायचा. पट्ट्या काळ्या रंगवायचा, दिसू नयेत म्हणून."

"एवढा मोठा माणूस, तोपण लाजायचा?" आत्या फोटोकडे बघत राहिली. "बिचारा."

पायाच्या पट्टीची गुडघ्यावरची खिट्टी सोडून भुईवर बसायला आणि पुन्हा उठून ती लावायला आत्याला पन्नास सेकंद लागत. दक्षाने तीनदा मोजले होते. तेवढा वेळ सगळ्यांनी टक लावून बघू नये, म्हणून रविवारी तिने शाळेतून खुर्ची आणून बैठकीत ठेवली.

इथेच ती चुकली. पाड्याच्या बैठकीत सगळे भुईवर बसतात. खुर्ची असते ती बाहेरच्यांसाठी: ग्रामसेवक, डॉक्टर, मतं मागायला आलेले पुढारी.

"बसा मॅडम," लडक्याकाका आत्याला म्हणाला. "तालुक्याहून आल्या का?"

सगळे हसले. दक्षाचे कान तापले.

"ने गं ती खुर्ची," आत्या म्हणाली. सगळ्यांसमोर वाकून तिने खिट्टी सोडली. खट्. हात टेकत, हळूहळू ती भुईवर बसली.

"तू सरपंच झाल्यावर पाण्याच्या पाइपसाठी वरच्या झऱ्यापर्यंत कोण चढणार?" काकाने विचारलं.

"चढून आलेय. पाइप किती लागेल ते पावलांनी मोजलं. आठशे चाळीस. तुझी कमी भरतील, पण तू मोजलीस कधी?"

पुन्हा हशा झाला. या वेळी काकाही हसला. "द्या हिचंच नाव," तो म्हणाला. कुणी नाही म्हटलं नाही.

बैठक उठली. दक्षा धावली, पण काकाने आधीच हात पुढे केला होता. आत्याने तो धरला. दक्षा सवयीने सेकंद मोजू लागली.

"सावकाश, सरपंचबाई," काका म्हणाला. "आम्ही थांबलोय."

दक्षाने मोजणं सोडून दिलं. खट्. खिट्टी बसली.