खुंटीवरचा राखाडी कोट

मित्रांनो, मी एक जुना राखाडी कोट आहे. २०१२ साली जर्मनीतल्या स्टुटगार्टच्या एका शिवणखोलीत माझा जन्म झाला. मला बेतले राग्नहिल्डबाईंनी. त्या नॉर्वेच्या. चित्रपटांतली घरे उभारायची आणि त्या घरांत वावरणाऱ्या माणसांचे कपडेही ठरवायचे, असे दुहेरी काम त्या तीस वर्षे करत होत्या. मला शिवले मात्र सुमेधाताईंनी. त्या पुण्याच्या. नवरा मोटारींच्या कंपनीत इंजिनिअर, आणि त्या स्वतः शिवणकामात तरबेज.

चित्रपट एका खलाशाचा होता. नटाने मला अंगात घातले आणि लगेच काढले.

"खांदे मोठे आहेत," तो म्हणाला. मग हळूच, "आणि आतून ओलं लागतं."

निर्माते चिडले. "हे पाहा, उद्यापर्यंत मापाचा करा. नाहीतर आम्ही दुसरं माणूस बघतो."

सुमेधाताईंनी माझ्या बाह्या दोन बोटे कापल्या आणि त्या जेवायला गेल्या. परत येऊन पाहतात तो बाह्या पुन्हा लांब. कापलेले तुकडे मात्र टेबलावर तसेच पडलेले. मित्रांनो, ते कसे झाले हे मलाही सांगता येत नाही. मधल्या वेळात कोणीतरी माझ्या बाह्यांत हात घातले, एवढेच मला कळले.

"राग्नहिल्डबाई, हे माप कोणाचं आहे?" सुमेधाताईंनी विचारले.

"माझ्या वडिलांचं," बाई म्हणाल्या. "मी नऊ वर्षांची होते, ते पस्तिशीतले. ते होडी घेऊन समुद्रात गेले, ते सापडलेच नाहीत. नटाचं माप समोर होतं गं. पण कात्री त्यांच्याच मापानं चालली."

"मग याला आता कात्री नको लावायला."

सुमेधाताईंनी त्याच कापडाचा दुसरा कोट बसल्या बैठकीला शिवला. बाईंचे काम वाचले. मला सेटवरच्या घरात, दाराजवळच्या खुंटीला अडकवले.

चित्रपट गाजला. खुंटीवरचा कोट श्वास घेतो, असे वर्तमानपत्रांत छापून आले. "आत काय भरलं होतं?" लोक विचारत.

"काहीच नाही," बाई सांगत.

पुढे माझी रवानगी स्टुडिओच्या तळघरात झाली. कसरीने माझी कॉलर खाल्ली. शेजारी टांगलेले कपडे ओले होत, म्हणून माझ्याजवळ कोणी काही टांगेना. बाईंचे हात थरथरू लागले, काम सुटले, त्या नॉर्वेला परतल्या.

२०१८ साली ते तळघर रिकामे करायचे ठरले. माझ्यावर 'कचरा' अशी चिठ्ठी लागली. सुमेधाताईंनी ती पाहून नॉर्वेला फोन लावला. "तुम्ही या. तोवर मी कोणाला हात लावू देत नाही." तीन दिवस त्या दारात खुर्ची टाकून बसल्या.

बाई काठी टेकत आल्या. त्यांनी माझ्या खिशात हात घातला आणि हाताची थरथर थांबली.

"काय झालं?"

"हात धरलाय," बाई म्हणाल्या.

सुमेधाताई बघतच राहिल्या. माझा खिसा दोन हात मावतील एवढा फुगला होता. एक हात सत्तरीचा होता. दुसरा पस्तिशीतला, समुद्रासारखा गार.

आता मी नॉर्वेत बाईंजवळ असतो. मित्रांनो, जुने कपडे जपा, नाहीतर गरजूंना द्या. पण टाकण्याआधी खिशात एकदा हात घालून पाहा. आणि कोणी तो धरलाच, तर घाईने सोडवून घेऊ नका.