मानेमागचा आरसा

मी मानेमागे धरायचा आरसा बोलतोय. भिंतीवरचे मोठे आरसे माणसाला त्याचा चेहरा दाखवतात. माझं काम एवढंच, की माणसाला स्वतःची जी बाजू दिसत नाही ती दाखवायची.

स्लायगो या गावातल्या नदीवरचा पूल उतरला की मार्टी केरिगनचं केशकर्तनालय होतं. तिथे मी खिळ्याला टांगलेला असायचो. केस कापून झाले की मार्टी मला गिऱ्हाइकाच्या मागे धरायचा.

"कसं वाटतंय?"

"मागून बरा दिसतोय की. बायकोला सांगतो, माझ्या मागेच राहत जा."

मार्टीची थोरली मुलगी फिनोला कोपऱ्यात बसून हे सगळं ऐकायची. दुकान बंद झालं की मला हातात घेऊन एकेका गिऱ्हाइकाची नक्कल करायची. धाकटी बर्नी हसून हसून खाली बसायची. मार्टी केर काढताना पाठ फिरवायचा, म्हणजे त्याचं हसू दिसू नये.

फिनोला डब्लिनच्या नाटक कंपनीत निघाली तेव्हा गावाला विषय मिळाला. "पोरगी नाटकात चालली म्हणे, मार्टी. आता तुझे बटाटे कोण उकडणार?" खुर्चीतल्या एकाने विचारलं.

"मान हलवू नकोस," मार्टी म्हणाला. "वस्तरा आहे हातात."

स्टेशनवर त्याने मला फडक्यात गुंडाळून तिच्या हाती दिलं. "चर्चच्या हॉलमधल्या नाटकात तुझ्या मानेला मागे रंग लागला नव्हता. मी शेवटच्या रांगेत होतो, तरी दिसलं. पुढचं सगळे सांगतील. मागचं तू बघत जा." तो आला होता हे तिला तेव्हा कळलं.

पुढे प्रत्येक प्रवेशाआधी फिनोला मला मानेमागे धरायची. रंगपटाच्या टाफेबाई चिडवायच्या, "अगं, प्रेक्षक काय विंगेत बसलेत?"

"माझे बाबा कुठेही बसलेले असतात," ती म्हणायची.

मग मार्टी आजारी पडला. गुरुवारी थिएटरवर बर्नीचा फोन आला. "बाबा सारखं दाराकडे बघतायत. येतेस का?"

फिनोलाच्या भूमिकेला दुसरी कुणी नव्हती. "शनिवारचा दुपारचा खेळ झाला की रविवारी सकाळच्या गाडीने येते. त्यांना सांग, थांबा म्हणावं."

शनिवारी पहिला अंक चालू असताना पुन्हा फोन आला. नाटकवाल्यांचा रिवाज असा, की पडदा पडेपर्यंत नटाला वाईट बातमी सांगायची नाही. थिएटरच्या दारावर फोन घेणारा पहारेकरी मोसी, त्याने टाफेबाईंना बजावलं, त्यांनी मान डोलावली. आणि खोलीत येऊन मोठ्या आरशावर टॉवेल टाकला. घरात कुणी गेलं की आरसे झाकायचे, हे आमच्याकडे हातांना सांगावं लागत नाही. मी टेबलावर होतो. मला झाकायचं त्या विसरल्या.

मध्यंतरात फिनोला आत आली आणि दारातच थांबली.

"टाफेबाई, हे कशाला?"

"धूळ गं. धूळ येत होती."

"धुळीला कुणी आरसा झाकत नाही. बर्नीचा फोन होता?"

टाफेबाईंनी टॉवेलचं लोंबतं टोक सारखं केलं. "पडदा पडेपर्यंत सांगायचं नाही असं ठरलं होतं पोरी. माझ्या हातांनी घात केला." मग म्हणाल्या, "मोसी म्हणतोय, मॅनेजर खेळ बंद करायला तयार आहेत. लोकांना घरी पाठवू."

"गाडी कधी आहे?"

"उद्या सकाळीच."

"मग तोवर मी कुठे बसू?" फिनोला म्हणाली.

घंटा झाली. तिने टेबलावर माझ्याकडे पाहिलं, पण मला उचललं नाही. तिचा चेहरा त्या दिवशी आरशांपैकी फक्त मी पाहिला. मान तशीच, रंग उतरलेली घेऊन ती गेली.

दुसऱ्या अंकात तिला चुलीपाशी पाठमोरं उभं राहून तीनच वाक्यं बोलायची होती. ती तिने इतका वेळ घेऊन बोलली, की नाट्यगृहात कुणी खोकलंही नाही. प्रेक्षकांत एक सिनेमावाले होते. तिथून तिचे चित्रपट सुरू झाले. नाव झालं, लंडनला घर झालं. दर सिनेमात कुणीतरी म्हणायचंच, "मिस केरिगन, तसंच पाठमोरं उभं राहा ना." ती राहायची. घरी आली की मला पालथा घालायची.

मार्टीच्या अंत्यविधीला फिनोला पोचली तेव्हा बर्नी एवढंच म्हणाली होती, "खेळ पुरा करून आलीस म्हणे." त्यानंतर कित्येक वर्षं दोघी बोलल्या नाहीत.

फिनोला म्हातारपणी स्लायगोला परतली, ती बर्नीच्याच घरी. तिचे हात थरथरायचे, म्हणून बर्नी तिचे केस कापायची. एकदा कापून झाल्यावर बर्नीने ट्रंकेतून मला काढलं, पुसलं आणि तिच्या मागे धरलं.

"कसं वाटतंय?"

फिनोलाने समोरच्या आरशात पाहिलं. "मान बाबांसारखी झाली गं."

"त्यांचं डोकं तेवढं आलं नाही," बर्नी म्हणाली.

"ते थांबले होते का गं माझ्यासाठी?"

बर्नीने तिच्या खांद्यावरचे केस फुंकरीने उडवले.

काल फिनोला गेली. पुढच्या खोलीत तिला ठेवलंय. रिवाजाप्रमाणे घड्याळ थांबवलंय, भिंतीवरचे आरसे चादरींनी झाकलेत. चहा फिरतोय, हॅमचे सँडविच फिरतायत. कोट घातलेली माणसं तिच्या त्या पाठमोऱ्या उभं राहण्याबद्दल हळू आवाजात बोलतायत. मी बशांच्या शेजारी उघडाच पडलोय. माझ्यात छत दिसतंय, आणि शवपेटीची एक कड.

आरसे म्हणतात, आम्हाला पुसा, लख्ख करा. मला ते नको. घरचं माणूस गेलं की घरचेच आरसे झाकतात. मी तिच्या बापाच्या हातातून तिच्या हातात आलो, आणि दोघांच्याही मरणाच्या वेळी मीच झाकायचा राहिलो.

बर्नी, तुझ्या खांद्यावर ते भांडी पुसायचं फडकं आहे ना? ओलं असलं तरी चालेल. जाता जाता माझ्यावर टाक.