पोपटी साडी

रविवारी दुपारी अकोल्याच्या घरात देवराव आरशासमोर उभे होते आणि त्यांची मुलगी दीपमाला पायाशी बसून त्यांच्या साडीच्या निऱ्या घालत होती. वायरमनच्या नोकरीतून निवृत्त झाल्यापासून ते एकट्यानंच नाटकाचे प्रयोग करत. पोपटी साडी नेसून, एक शब्द न बोलता, तासभर भाकरी थापत बसायचे. त्या संध्याकाळीही एका लहानशा सभागृहात प्रयोग होता.

"हळू खोच व, पोट हाय थे, पोतं नाई."

"पोतंच झालं हाय, बाबा. बीपीची गोळी घेतली का?"

"घेतली, मास्तरीनबाई. आज थांबून पाह्य ना एकडाव."

"पेपर तपासाचे हायेत. पुढच्या खेपेस नक्की."

अमरावतीच्या कॉलेजात ती साहित्य शिकवायची. वेश, देह, ओळख यांवर वर्गात तासन्‌तास बोलायची. बापाशी बोलणं मात्र गोळीपाशीच थांबायचं. संध्याकाळच्या बसनं ती परतली. दुसऱ्या दिवशी सकाळी चहा पिता पिता देवराव गेले.

पुण्यानुमोदनाला त्रिशरण-पंचशील झालं आणि एकेक जण माईकवर येऊन बोलू लागला. देवरावांचे धाकटे भाऊ, सहदेवकाका, यांनी जरा चाचरतच साडीचा विषय काढला.

"लोकं हासत. पन भाऊ ललितावहिनीच्या आठवनीत थे साडी नेसत. असं प्रेम पाह्याले भेटत नाई."

बायकांनी डोळ्यांना पदर लावले. "ललिताचं नशीब व माय!" शेजारच्या पार्बताबाई म्हणाल्या.

देवराव स्वतःही हेच सांगत. बायकोची आहे म्हटलं की पुढे कोणी विचारत नसे. विधुराला तेवढी सूट होती. पण ललितानं उभ्या जन्मात पोपटी रंग अंगाला लावला नव्हता. ती गेल्यावर वर्षभरानं देवरावांनीच ती साडी आणली होती. पिशवी कपाटात सारताना दीपमालानं त्यांना पाहिलं होतं आणि पाहिलं नाही असं दाखवलं होतं. आता या गोड गोष्टीखाली ते कायमचे झाकले जात होते, आणि सगळ्यांना किती बरं वाटत होतं.

काकांनी माईक तिच्या हाती दिला. "बोल, दीपा. आईबद्दलबी बोल."

ती फोटोकडे वळली. लोकांकडे तिची पाठ झाली.

"बाबा," ती म्हणाली, "थे साडी आईची नव्हती. तुमी सोताच्यासाठी आनली होती. मले माहीत होतं. आन् दर खेपेस निऱ्या घालताना मले म्हनावं वाटे, का तुमी लय साजरे दिसता."