आरपार देवळी

माह्या स्वयंपाकघराच्या तीन भिंती आमच्या हायेत अन् चौथी अमरावती शहराची. थट्टा नाई करून राहिली. माह्या सासऱ्यानं घर बांधलं तेव्हा परकोटाची काळ्या दगडाची भिंत आयती उभी होती, निजामाच्या राज्यातली. तिले टेकून त्याईनं तीन भिंती घातल्या, वर कवेलू टाकले, झालं घर. आमच्या गल्लीत सगळ्याईनं हेच केलं. जे काम आधीच होऊन हाय ते कोण कावून करन?

मी पार्बताबाई. माहेर नांदगाव खंडेश्वरचं. या गल्लीत सून म्हणून आली त्याले चौतीस वर्षं झाली. आली तेव्हा गल्लीत म्हशी बसत. आता तिथं ब्युटी पार्लर हाय, मोबाइलचं दुकान हाय, अन् कवेलूच्या जागी स्लॅब अन् स्लॅबवर काळ्या टाक्या. आमच्याही घरावर स्लॅब पडला. परकोट तेवढा उरला, कारण त्याले पाडायचं म्हणलं का जेसीबीवाले हात जोडतात.

भिंतीच्या पलीकडे, परकोटाच्या बाहेरच्या अंगानं, अनवरीचं घर. तिच्याही स्वयंपाकघराची मागची भिंत तीच. म्हणजे मी शहराच्या आत, ती शहराच्या बाहेर, अन् आमचे गॅस पाठीले पाठ लावून. तिच्या घरी रस्त्यानं जायचं तं गल्ली पार करा, गेटातून निघा, मग परकोटाच्या कडेकडेनं उलटं वापस या. माह्या गुडघ्याले अर्धा तास लागते. भिंतीतून जायचं तं फक्त हात लांब करा.

कारण भिंतीत देवळी हाय. दिवा ठेवायची साधी देवळी नाई, आरपार. माह्या बाजूनं तोंड रुंद, तिच्या बाजूनं अरुंद. मोर्शीचं संत्रं बरोब्बर जाते, पपई अडकते, आमी पाहून घेतलं हाय. मी इकडून हात घातला अन् तिनं तिकडून घातला का मधात बोटाले बोट लागते.

त्या देवळीतून चौतीस वर्षं एक डबी फिरत होती. स्टीलची, झाकणाची, मूठभर. मूळची कोणाची ते ना तिले आठवत, ना मले. भांडं रिकामं वापस द्यायचं नाई, हे तिच्याही माहेरी शिकवलं अन् माह्याही. मग थांबते कुठं? ईदेले शेवया आल्या का मी भरून पातोडी पाठवू, पातोडी खाल्ली का तिच्याकडून खिमा नाई, माह्यासाठी मुद्दाम वांग्याचं भरीत. चिमट्यानं दगडावर तीन ठोके द्यायचे, म्हणजे डबी आली. फोन दोघींजवळ हायेत, पण फोन पोरांसाठी.

आता भांडणाचं सांगतो. भांडण माह्याच तोंडानं झालं, खोटं कावून बोलू?

तिचा पोरगा फुरकान वेल्डिंगचं काम करते. पोरगं कष्टाळू, त्यानं यंदा उन्हाळ्यात घरावर दुसरा मजला चढवला. चांगली गोष्ट हाय. पण मजला चढला अन् माह्या गच्चीवरचं ऊन गेलं. मी कुरडया घातल्या होत्या अडीच किलो गव्हाच्या. दुपारच्या बारा वाजताच त्याईच्यावर सावली. तीन दिवसांत आंबूस वास सुटला. मी तशीच खाली आली अन् देवळीत तोंड घालून बोलली, "काय वं अनवरी, एवढ्या वर्षांत माह्या घरचं समदं खाल्लं, आता ऊनही खाल्लं का?"

तिकडून लगेच आवाज आला, "ऊन काय भाभी, तुमच्या सासऱ्यानं बांधलं होतं? ते बी फुकटचंच होतं ना, भिंतीसारखं?"

झोंबलं. खरं होतं म्हणून जास्तच झोंबलं. अबोला पडला.

एक दिवस गेला, दोन गेले, आठ झाले. ठोका नाई का डबी नाई. स्वयंपाकघरात एकटीनं भाजी फोडणीले टाकायची म्हणजे काय असते, ते मले त्या आठ दिवसांत समजलं. फोडणी चर्र झाली का तिकडून ती विचारे, "आज क्या, मेथी?" आता चर्र झाली का नुसती चर्र. माह्या पोराले, शिवमले, दोन टाइम बोलणे बसून राहिले होते अन् त्या बिचाऱ्याचा काही दोष नव्हता.

नवव्या दिवशी मीच नमली. लिंबाचं लोणचं घातलं होतं, गोड-तिखट, अनवरीच्या जिवाचं. कच्चंच होतं अजून, पण म्हणलं मुरन तिच्या घरी. डबी नेमकी माह्याचकडे होती. भरली, झाकण दाबलं, देवळीत हात जाईन तितकी आत सरकवली अन् तीन ठोके दिले.

काही नाई.

परत दिले. देवळीतून रोज तिच्या खिडकीचा उजेड दिसते, त्या दिवशी तोही दिसेना. वाकून पाहिलं तं काळाकुट्ट अंधार. तिच्या बाजूनं काहीतरी लावून तोंड बंद केलेलं. मायबाई! माह्या अंगाचा नुसता भडका झाला. मी लोणचं घेऊन दारात अन् तिनं दार लावून घेतलं?

त्यात संध्याकाळी शिवम नांदगाव पेठेतून आला, तिथं कापडाच्या मिलमध्ये कामाले हाय तो. म्हणे, "आई, सोमवारी परकोट मोजायले लोकं येऊन राहिले. ज्यानं भिंत फोडली त्याले नोटीस. ते भोक बुजवून टाकू काय?"

"बुजव," मी म्हणलं. "आत्ताच बुजव."

"आत डबी दिसून राहिली ना."

"राहू दे. जिले नाई पाहिजे तिची नाई, अन् मले ते लोणचं डोळ्यासमोर नोको."

शिवमनं विटेचे तुकडे लावले, वर सिमेंट मारलं. मी त्यावर कालनिर्णय टांगलं अन् पुढं फ्रीज सरकवला. मग मोरीत जाऊन तोंडावर पाणी मारलं. रडली, हाव. कोणाले सांगू नका.

तो सोमवार सरकारी सोमवार होता, दीड महिन्यानं उगवला. मोजायले आली एक पोरगी, प्रणाली नावाची, अकोल्याची. जीन पँट, डोक्याले रुमाल, हातात लेझरचं यंत्र. आल्या आल्या म्हणे, "काकू, तुमच्या स्वयंपाकघराचा मला फार हेवा वाटून राहिला." मले बरी वाटली. चहा दिला. ती भिंतीवरून हात फिरवत होती, आपण गाईच्या पाठीवरून फिरवतो तसा. अकोल्यातही तिच्या आजीच्या घराजवळ जुनी वेस होती म्हणे, लहानपणी ती तिच्या दगडावर चढून बसे. मग फ्रीजजवळ येऊन ती थांबली.

"इथं भोक होतं का हो कधी? इकडून रुंद, तिकडून अरुंद?"

मले नोटीस आठवली. तोंडातून निघालंच, "नाई ना बाई. सपाट भिंत हाय."

पोरगी हिरमुसली. "जंगी म्हणतात त्याले. आतून शिपाई बंदूक रोखायचा. ठरावीक अंतरानं असतात. या पट्ट्यातल्या सगळ्या गेल्या, लोकांनी खिडक्या केल्या, दारं केली. मापानं एक नेमकी इथंच पाहिजे होती. एखादी साबूत सापडली असती तं तशीच उघडी जपली असती दोन्हीकडून."

"म्हणजे ते भोक कोणी फोडलेलं नसते?"

"नाही हो काकू. बांधतानाच ठेवलेलं. दोनशे वर्षं जुनं."

मी पाटावर बसली. चौतीस वर्षं मले वाटे अनवरीच्या सासरच्याईनं भिंत फोडली, म्हणून मी कोणाले सांगितलं नाई. अन् बंदुकीचं भोक? आमी तं त्यातून शेवया घेतल्या!

"आता काय होईन मग?"

"आता? पुढच्या आठवड्यात चुन्याचं काम लागेल. दोन्ही बाजूंनी दगडांच्या सांधी भरतील. त्यानंतर या भिंतीत खिळासुद्धा ठोकता येणार नाही, कधीच." चहा पिऊन, फोन नंबर देऊन ती गेली.

मी बसूनच होती. माह्या एका खोट्यानं देवळी कायमची जात होती. उघडायची तं कबूल करा का मी खोटं बोलली, अन् जुन्या भिंतीत सिमेंट कोंबलं. अन् अर्धी देवळी अनवरीची, तिच्याशिवाय उघडणार कशी? तिच्या दारात जायचं म्हणजे... अवो, मी आजवर कोणापुढं चूक कबूल नाई केली, नवऱ्यापुढंही नाई. पण नाई गेली तं उरलेल्या जन्मात माह्या फोडणीले कोणी विचारणार नाई.

चप्पल घातली.

गेटातून कितीक वर्षांत पायी निघाली नव्हती. कमानीखाली ऑटो अडकलेले, कमानीवर कोण्या पुढाऱ्याच्या वाढदिवसाचा फ्लेक्स, अन् त्याच्या वर दगडातून निघालेलं पिंपळाचं रोप मजेत डोलून राहिलेलं. बाहेर वळली तं मले घरच ओळखू येईना. मी त्या घरात देवळीतून चौतीस वर्षं राहिली, पण दारानं तिच्या लेकींच्या लग्नालेच काय ती गेलेली. शेवटी फुरकानचा नवा मजला पाहून ओळखलं. माह्या उन्हाचा चोर!

अनवरी दारातच लसूण सोलत बसली होती. मले पाहून उठली, अन् मग आठवण आल्यासारखी परत बसली.

"भोक बंद केलं तुमी," ती म्हणाली. "चौतीस साल का रिश्ता, भाभी, अन् सिमेंट लावलं!"

"मी? आधी तू लावलं! मी लोणचं घेऊन ठोके देऊन राहिली अन् तिकडे अंधार!"

"कोणतं लोणचं?"

"लिंबाचं! तुह्या जिवाचं!"

"मी तं इथं नव्हतीच! लेकीच्या, नगमाच्या बाळंतपणाले अकोल्याले होती पंधरा दिवस. वापस आली तं माह्या बाजूले पलस्तर. फुरकान म्हणे, उधर से भी बंद है."

आमी दोघींनी फुरकानकडे पाहिलं. तो हेल्मेट घेऊन निघूनच राहिला होता.

"चाची, नोटीसचं ऐकलं म्हणून मीच बुजवलं त्या दिवशी सकाळी," तो जमिनीकडे पाहत म्हणाला. "अम्मीले सांगायले विसरलो का मी आधी बुजवलं."

"विसरला!" आमी दोघी एकदमच ओरडलो. बरं वाटलं, किती दिवसांनी एकदम ओरडलो. पण अनवरीची मान अजून वाकडीच.

"मी नसताना लोणचं ठेवलं होतं, हे आता म्हणायले काय जाते?" ती म्हणे.

"उघडून पाहू," मी म्हणलं. "डबी आत नसली तं तुह्या दारात परत पाय नाई ठेवणार."

तिथूनच प्रणालीले फोन लावला. सगळं सांगितलं, खोटं, सिमेंट, फ्रीज, कालनिर्णय. पलीकडे आवाजच येईना. मले वाटलं नोटीस लिहून राहिली. ती हसून राहिली होती.

दुसऱ्या दिवशी सकाळी ती गुलाम नबी मिस्त्रीले घेऊन आली. चुन्याच्या कामातला म्हातारा माणूस, हात असा हलका का दगडाले जागही येऊ नये. आधी अनवरीच्या बाजूनं उघडलं, मग माह्या. विटेचा शेवटचा तुकडा निघाला अन् तिच्या खिडकीचा उजेड माह्या फ्रीजवर पडला. मधात डबी.

"कोणी हात लावू नका!" प्रणाली ओरडली. तिनं डबीजवळ पट्टी ठेवली, फोटो काढले, माप घेतलं, टॉर्च मारून दगड पाहिले. चारी बाजूंनी तासलेले, साबूत. तिचे डोळे भरून आले. दगडासाठी रडणारी मी पहिली पोरगी पाहिली.

मग म्हणे, "घ्या काकू."

मी डबी हळूच पुढं ढकलली. तिकडून बांगड्यांचा हात आला. डबी घ्यायच्या आधी त्यानं माही बोटं धरली, अन् बराच वेळ सोडली नाईत. झाकण उघडल्याचा आवाज आला. मग बोट चाटल्याचा.

"भाभी," अनवरी बोलली, अन् तिचा आवाज ओला होता. "नमक कम है."

"आली नाक वर करून! दीड महिना मुरलं म्हणून खाऊन राहिली ना?"

"मुरलं मात्र मस्त."

प्रणाली कागदावर लिहून राहिली होती. "काकू, इथं एक रकाना हाय. जंगीचा सध्याचा वापर. काय लिहू?"

"लोणचं द्यायले," मी म्हणलं.

"अन् भांडायले," देवळीतून आवाज आला.

तिनं दोन्ही लिहिलं. दुपारी मी मेथी फोडणीले टाकली, अन् चर्र व्हायच्या आधीच तिकडून तीन ठोके पडले.